सशाचा परवाना

ओळख होऊन पाच मिनिटं झाली नाहीत तोच परदेशी कॅप्टनला "तुमच्या देशात ससा मारायला काय काय लागतं?" असं विचारणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला. अमिरातीतल्या फुजैराच्या आमच्या शिपिंग एजन्सीत ते बोर्डिंग ऑफिसर होते. म्हणजे बंदराबाहेर नांगर टाकून उभ्या असलेल्या जहाजापर्यंत लाँचने जायचं, हेलकावणाऱ्या शिडीवरून वर चढायचं आणि तेल भरल्याच्या कागदांवर कॅप्टनच्या सह्या घेऊन यायचं. काम चोख. पण सह्या झाल्या, कॉफी आली, की यांचा ससा बाहेर पडायचा. ऑफिसात सगळे त्यांना शिकारीसाहेब म्हणायचे, मीही म्हणायचे. त्यांच्या हातात बंदूक मात्र आमच्यापैकी कुणी कधी पाहिली नव्हती.

मी त्याच ऑफिसात अकाउंट्सच्या टेबलावर होते आणि माझा नवरा तेलाच्या टर्मिनलवर. पुण्यात सगळ्यांना "दुबईला चाललो" असं ऐटीत सांगून आम्ही आलो होतो आणि उतरलो फुजैराला. तिथे तेव्हा डोंगर, समुद्र, तेलाच्या टाक्या आणि दोन-तीन किराणा दुकानं यापलीकडे फारसं काही नव्हतं. शिकारीसाहेब आमच्याच बिल्डिंगमध्ये वरच्या मजल्यावर, आपल्या रत्नागिरीकडच्या मंडळींबरोबर खोली वाटून राहायचे. बायको-मुलं गावी. वय चाळिशीच्या आसपास, पण वागणं साठीचं. भर जुलैतसुद्धा पूर्ण बाह्यांचा शर्ट, टाय, पॉलिश केलेले बूट. लाँचवरची पोरं हसायची, पण यांना त्याचं काही नव्हतं.

त्यांचं एक पेटंट वाक्य होतं, "आधी कागद, मग हात." गाडीला हात लावायचा तर लायसन्स, मशीनला हात लावायचा तर लेबर कार्ड. माझ्या लेकीने पहिल्यांदा सायकल चालवली तेव्हा तिला थांबवून त्यांनी गंभीरपणे परमिट मागितलं. ती म्हणाली, "अंकल, आय ॲम सिक्स!" यावर त्यांनी तिला वयाचा दाखला आणायला सांगितलं. एकदा शेजारच्या मल्याळी गृहस्थांनी बंदराच्या भिंतीवर बसून गळाने पकडलेला मासा कौतुकाने यांना आणून दिला. यांनी विचारलं, "वहाँ पकडने का परमिशन है?" त्या बिचाऱ्याने पुन्हा कधी मासा दिला नाही. गावाकडून आलेला माणूस माशावाचून सुकला तरी बेहत्तर, पण कागद पाहिजे!

ऑफिसात आले की ते मला ताजी बातमी द्यायचे. "वहिनी, नॉर्वेवाला म्हणाला, त्यांच्यात आधी कोर्स करावा लागतो, मग परीक्षा. मग सरकारी फी, ती वेगळी. जर्मनीची परीक्षा तर विचारूच नका, त्या जहाजावरच्या मेटचा सख्खा भाऊ नापास झालाय." लगेच फीचे दिरहॅम करायचे, दिरहॅमचे रुपये करायचे आणि मान हलवून म्हणायचे, "महाग आहे, पण पद्धतशीर आहे." एका फिलिपिनो थर्ड मेटने, आमच्याकडे फक्त गलोल लागते, असं सांगितलं तेव्हा मात्र त्यांचं तोंड उतरलं. दिवसभर ते त्या देशावर नाराज होते.

एका शुक्रवारी आम्ही सगळे मसाफीच्या बाजूला डोंगरात सहलीला गेलो होतो. दगडांतून तितरांचा एक कळप तुरुतुरु पळत गेला. शिकारीसाहेब हातातला पुलाव टाकून उठले. छत्री खांद्याला लावली, एक डोळा मिटला आणि शेवटचं पाखरू कपारीत शिरेपर्यंत छत्री त्याच्यामागे फिरवत राहिले. माझी लेक कुजबुजली, "अंकल, डिड यू गेट इट?" छत्री खाली घेत ते म्हणाले, "नहीं बेटा. लायसन्स नहीं है." आणि बसून थंड पुलाव खाऊ लागले. मला तेव्हा हसू आलं होतं.

सगळ्यांची हबेलंडी उडाली ती मात्र अरबाबच्या वेळी. अरबाब म्हणजे आमचा स्थानिक मालक. एजन्सी त्याच्या नावावर आणि आम्हा सगळ्यांचे व्हिसाही त्याच्याच सहीवर. त्याने मनात आणलं तर आठवड्यात सामान बांधून मुंबई. माणूस दिलदार होता, पण "नाही" ऐकायची सवय नव्हती. कुणीतरी त्याला शिकारीसाहेबांचं वेड सांगितलं. तो एकदा ऑफिसात आला आणि यांच्या पाठीवर थाप मारून म्हणाला, "तुम शिकारी? जुम्मा को आओ मेरे साथ. उधर अर्नब बहोत है." अर्नब म्हणजे ससा. आमचा मॅनेजर टाळ्या वाजवायचाच बाकी होता. इतकी वर्षं ज्याची वाट पाहिली ते मालकानेच दारात आणून ठेवलं म्हणायचं.

हे गेले. वाळवंटात गाड्या थांबल्या, अरबाबच्या पाहुण्यांसमोर यांच्या हातात बंदूक द्यायला लागले, तर यांनी दोन्ही हात मागे बांधले.

"अरबाब, परमिट?"

"हबीबी, मैं है ना!"

"आप है अरबाब. मगर कागद नहीं है."

हे आम्हाला ड्रायव्हरने सांगितलं. त्यानंतर म्हणे शिकारीसाहेब दिवसभर गाडीत गुडघ्यांवर हात ठेवून बसून राहिले आणि कुणी त्यांच्याशी एक शब्द बोललं नाही. माझा नवरा म्हणाला, "आता बॅग भरायला घ्या म्हणावं." मला त्यांचा इतका राग आला होता! घरी बायको-मुलं, म्हातारा बाप, सगळे याच पगारावर, आणि याला एका सशापायी तत्त्वं सुचतायत.

शनिवारी ऑफिस उघडलं तेव्हा अरबाब स्वतः हजर. सगळे माना खाली घालून कामात. त्याने मॅनेजरकडून तिजोरीची किल्ली मागून घेतली आणि शिकारीसाहेबांच्या टेबलावर ठेवली. म्हणाला, "जो आदमी कागद के बिना खरगोश नहीं लेता, वो मेरा पैसा क्या लेगा? खलास. चाबी इसके पास." मॅनेजरचा चेहरा पाहण्यासारखा झाला होता. आणि शिकारीसाहेबांनी काय करावं? किल्लीकडे पाहत ते म्हणाले, "अरबाब, ऑथॉरिटी लेटर?"

त्याच आठवड्यात मी त्यांना घरी जेवायला बोलावून धारेवर धरलं. म्हटलं, एवढं काय अडलंय त्या परवान्यावाचून? नोकरी गेली असती तर? तेव्हा त्यांनी जे सांगितलं त्यानंतर मी त्यांच्या सशाला हसले नाही.

त्यांच्या वडिलांकडे, बावांकडे, ठासणीची बंदूक होती. परवाना शेतीच्या राखणीचा, रानडुकरं आणि वानरं हाकलायला. त्या बंदुकीने बावा अधूनमधून एखादा ससा पाडायचे आणि हे तेव्हा बारा-तेरा वर्षांचे, सुरी घेऊन धावायचे. सशात धुगधुगी आहे तोवर बिस्मिल्ला म्हणून गळ्यावरून सुरी फिरली पाहिजे, नाहीतर तो हराम, फेकूनच द्यायचा. "माझ्या पायावर सगळ्या वाडीचं जेवण असायचं, वहिनी," ते म्हणाले. सगळ्या वाडीचं, कारण शिकार झाली की घरटी वाटा. हिंदूंची घरं, मुसलमानांची घरं, जे खातात त्या सगळ्यांना. तुकडा नखाएवढा का असेना, पण घर चुकवायचं नाही. वाटे पोचवायचं कामही यांचंच.

त्या खेपेला वाडीत एक घर वाढलं होतं. त्याच आठवड्यात एक फॉरेस्ट गार्ड खोली भाड्याने घेऊन राहायला आला होता. यांनी त्याचाही वाटा काढला, सागाच्या पानात बांधला आणि दारावर थाप मारली. "कसलं रे?" गार्डने विचारलं. "सशाचं. बावांनी मारलान." गार्डने पान हातात घेतलं. दुसऱ्या दिवशी सकाळी तो आपल्या साहेबाला घेऊन आला.

बंदूक गेली, परवाना गेला, केस झाली. कोर्टात विचारलं, नवा कायदा आलाय, छोट्या शिकारीचा वेगळा परवाना निघतो, अर्ज करायचा, थोडकी फी भरायची. तो का नाही काढला? बावांना वाटलं होतं, बंदुकीचा कागद आहे म्हणजे सगळा कागद आहे. दंड भरला, पण राखणीचा परवाना काही परत मिळाला नाही. मग डुकरांना रान मोकळं झालं. भात कापणीपर्यंत टिकेना, शेत पडीक पडलं आणि हे शाळा सोडून आधी मुंबईला, मग इकडे.

"बावा ओरडले असतील ना तुम्हाला?" मी विचारलं.

"नाही ना. तेच तर! म्हणाले, घर चुकवलं नाहीस, ते बरोबर केलंस. कागद चुकला, तो माझा." ते पानातल्या वरणाकडे बघत होते. "पण लोक त्यांना ससेचोर म्हणायला लागले. पूर्वी बावा मशिदीतून निघाले की नाक्यावर तासभर उभे राहायचे, सगळ्यांशी बोलायचे. ते बंद झालं. आजपर्यंत बंद आहे. सरळ घरी येतात. विचारलं असतं तर मिळत होता हो परवाना! कुणी विचारलंच नाही."

पुढे कमवायला लागल्यावर ते एकदा रजेवर गेले तेव्हा फोटो, दाखले, सगळं घेऊन फॉरेस्टच्या ऑफिसात धडकले होते. कारकून म्हणाला, आता शिकारच बंद झाली, परवाना कुणालाच नाही. "कायदा बरोबरच आहे," शिकारीसाहेब मला म्हणाले. "जंगलात राहिलंय काय? पण बावांचा ससा राहिला." एकदा, फक्त एकदा, कागद खिशात ठेवून ससा मारायचा आणि त्याचा वाटा बावांच्या हातात द्यायचा, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. बावा तोवर पंचाहत्तरीला आले होते आणि छातीच्या दुखण्याने खचत चालले होते.

आणि तो कागद शेवटी मिळाला कुठे, तर पोस्टात! आमच्याकडे नेहमी तेल भरायला येणाऱ्या एका टँकरवर स्कॉटलंडचा चीफ इंजिनिअर होता. तो म्हणाला, माझ्या भावाचं मेंढ्यांचं फार्म आहे, ससे रगड आहेत, परवाना गावच्या पोस्टात मिळतो. चौदा दिवसांचे दोन पौंड. शिकारीसाहेबांचा विश्वास बसेना. पुढे वर्षभर दिसेल त्या ब्रिटिश खलाशाला त्यांनी खोदून खोदून विचारलं. बंदूक कुणाची? भावाची चालेल, त्याच्याच जमिनीवर, तो शेजारी उभा असताना. परीक्षा? नाही. कोर्स? नाही. "दोन पौंड म्हणजे अकरा-बारा दिरहॅम, वहिनी! म्हणजे दीडशे रुपयेसुद्धा नाहीत!" पण त्या दीडशे रुपयांसाठी विमानाचं तिकीट, व्हिसा आणि दुबईच्या देरा बाजारातून घेतलेला जाडजूड ओव्हरकोट. शिवाय जन्मात बार काढलेला नव्हता, म्हणून दर शुक्रवारी शेअर टॅक्सीने उम्म अल क्वैनला जाऊन पैसे भरून नेमबाजी शिकणं. माझ्या नवऱ्याने हिशेब केला, एवढ्यात दुबईच्या करामा भागातल्या हॉटेलात वर्षभर मटण बिर्याणी झाली असती.

निघायच्या आदल्या दिवशी ते बिल्डिंगमधली घरं मोजत जिन्यावरून खाली आले. मी म्हटलं, "आमचं धरू नका, माझ्या स्वयंपाकघरात मांसमच्छी चालत नाही."

"खाऊ नका," ते म्हणाले. "पण दार उघडून घ्या. मग कुणालाही द्या. घर चुकवायचं नाही."

काय बोलणार? मी हो म्हटलं.

पोस्टातली हकिगत त्यांनी नंतर मला इतक्या वेळा सांगितली की मी स्वतः तिथे रांगेत होते असं वाटतं. यांनी काउंटरवर वर्तणुकीचा दाखला, अरबाबचं पत्र, नेमबाजीचं सर्टिफिकेट, सगळं अटेस्ट केलेलं, मांडून ठेवलं. काउंटरवरच्या आजीबाईंनी त्यातल्या कशालाही हात लावला नाही. नाव विचारलं, दोन पौंड घेतले, शिक्का मारला आणि "नेक्स्ट" म्हणाल्या. "मी बाजूला होऊन उभाच राहिलो," ते सांगायचे. "बावांची शेती ज्यात गेली तो कागद हा एवढा?"

ससा अगदी शेवटी, चौदाव्या दिवशी मिळाला. बार लागला आणि हे ओव्हरकोट फेकून सुरी घेऊन चिखलातून धावत सुटले. पाठोपाठ त्या भावाचा कुत्रा. माणूस आणि कुत्रा यांची शर्यत लागलेली पाहून तो भाऊ बांधावर बसून हसत होता. पण आमचे शिकारीसाहेब आधी पोचले. ससा जिवंत होता. सुरी वेळेत फिरली.

त्यांनी वाटे तिथेच करून घेतले, बर्फात घट्ट गोठवले आणि थर्माकोलच्या डब्यात भरले. बिल्डिंगचे वाटे, अरबाबचा वाटा आणि एक वेगळा बांधलेला बावांचा. तो घेऊन आठवड्याभरात रत्नागिरी गाठायची असं ठरलेलं होतं.

शुक्रवारी दुपारी आमची बेल वाजली. दारात शिकारीसाहेब, हातात थर्माकोलचा डबा. मी शब्द दिल्याप्रमाणे दोन्ही हात पुढे केले. त्यांनी झाकण उघडून दाखवलं. आत काही नव्हतं.

दुबईच्या एअरपोर्टवर त्यांना कुणी अडवलं नव्हतं. आपली माणसं तिथून आंबे, लोणची, सुकी मासळी काय काय घेऊन येतात, आणि माझ्या सासूबाईंनी तर चकल्यांचा अख्खा डबाच आणला होता. पण शिकारीसाहेबांच्या मनात आनंद मावेना. ते आपण होऊन कस्टम्सच्या एका तरुण अधिकाऱ्याच्या टेबलापाशी गेले. परवाना पुढे ठेवला, डबा उघडला आणि त्याला सांगितलं, "मेरा शिकार है. पूरा कागद है. इसमें आप भी एक वाटा लो, आप दरवाजे पे बैठे हो."

अधिकाऱ्याने डब्यात पाहिलं. "हेल्थ सर्टिफिकेट?"

शिकारीसाहेबांनी परवाना आणखी पुढे सरकवला.

"हलाल सर्टिफिकेट?"

"मैंने खुद काटा. बिस्मिल्ला बोलके."

"पेपर, हबीबी. पेपर."

इतक्या वर्षांत इतक्या कॅप्टनांना त्यांनी ससा मारायचे कागद विचारले होते. मेलेल्या सशाला कागद लागतो, हे विचारायचं त्यांना सुचलंच नव्हतं. वाटा म्हणजे घरोघर पोचवायची गोष्ट. त्याला कसला कागद, असंच त्यांच्या रक्तात होतं. अधिकारी मुलगा भला होता, त्याने दंड केला नाही. मांस काढून घेतलं, परवाना नीट वाचला आणि उभं राहून दोन्ही हातांनी यांना परत दिला. डबाही दिला.

दोन पौंडांच्या त्या कागदाची घडी त्यांनी माझ्या लेकीसमोर उलगडली. ती वाचून म्हणाली, "अंकल, बट इट्स एक्स्पायर्ड."

"जब खरगोश जिंदा था, तब ये भी जिंदा था, बेटा," ते म्हणाले. आवाज नेहमीचाच होता. बिल्डिंगमधलं प्रत्येक दार वाजवून, "वाटा आला नाही, सरकारजमा झाला," असं सांगून ते आले होते. आमचं दार शेवटचं, कारण आमच्याकडे फोन होता.

त्यांच्या खोलीत फोन नव्हता. दर शुक्रवारी, दर कमी असायचा म्हणून, ते आमच्याकडून गावी फोन करायचे आणि झाला की फोनखाली पैसे ठेवून जायचे. बावांना कमी ऐकू यायचं, त्यामुळे दोन्हीकडून आरडाओरडा. स्पीकर लावलेलाच असायचा.

"बावा! ससा मिळाला!"

"कागद होता?" पलीकडून खोकत आवाज आला.

"होता!"

"सुरी?"

"वेळेत फिरली!"

"मग वाटा घेऊन कधी येतोस?"

शिकारीसाहेबांनी टाय सैल केला. मी त्यांना टाय सैल करताना पहिल्यांदाच पाहिलं. "वाटा नाही, बावा. एअरपोर्टवरच्या साहेबाला दिला. मीच नेऊन दिला. सगळाच गेला."

पलीकडे म्हातारा हसायला लागला. "परत त्यालाच नेऊन दिलास?" हसता हसता खोकल्याची उबळ आली, कुणीतरी पाणी आणायला धावल्याचा आवाज आला. शिकारीसाहेब फोनवर वाकून उभे होते, शाळेत शिक्षा झालेल्या पोरासारखे.

उबळ थांबली. "आणि कागद? तोपण घेतलान?"

"नाही बावा. कागद परत दिलान. उभा राहून दिलान."

"परत दिलान?"

"माझ्या हातात आहे."

मग बावा तिकडे घरातल्या कुणाला तरी सांगताना ऐकू आले, "अगो, कागद परत दिलान म्हणतो." आणि मग फोनवर, मोठ्याने, "मग ससा गेला तर जाव दे. तू कागद घेऊन ये. आणि हे बघ, एसटीतून सरळ घरी येव नको. नाक्यावर उतर. मी तिथे येऊन उभा ऱ्हातो."

शिकारीसाहेबांनी कागदाची घडी घालून खिशात ठेवली आणि टाय पुन्हा आवळला. मग मला न सांगताच ते वर गेले. फोनखाली पैसे ठेवायचे त्या दिवशी विसरले.